फावडं अजून मुद्देमालातच

"भाऊजी, आलं का जी फावडं?"

सकाळी साडेसातला आमच्या घरामागच्या सांदवाडीत हा पहिला प्रश्न. चहा झाला का, थंडी वाजते का, काही नाही. वैनी कुंपणाच्या पलीकडं, मी अलीकडं, मधे बेशरमाचं कुंपण आणि त्यावर चढलेला पोपटाच्या शेंगांचा वेल. वेल लावला आमच्या घरच्यांनी, शेंगा लागतात बहुतेक वैनींच्या बाजूला. त्या शेंगा वैनी सुपात घेऊन तिथंच सोलत बसतात आणि निम्मे दाणे आमच्याकडं सरकवतात. बारा वर्षं झाली, हा व्यवहार कुठल्याही कागदाशिवाय चालू आहे.

फावडं आमचं नव्हे. आमच्या गल्लीतल्या थोरल्याचं. थोरला आणि धाकटा, सख्खे भाऊ. नावं लिहीत नाही. लिहिली तर लोक म्हणतील, बेलिफ रिटायर झाला पण समन्स वाटायची खोड गेली नाही. तालुक्याच्या कोर्टात एकतीस वर्षं बेलिफ होतो. अजूनही आमच्या दिघोरीत कुणाच्या दारात गेलो की आधी बाज टाकतात आणि मग दबक्या आवाजात विचारतात, "काही कागद आहे का जी?"

"नाही आलं अजून," मी म्हटलं. "हायकोर्टाचा आदेश ठाण्यात पोचला. पण मुद्देमाल सोडवायचा तर वेगळा अर्ज द्यावा लागते."

"आता गुन्हाच नाई रायला, तं फावडं कायले धरून ठेवलं त्यायनं?"

"वैनी, माणूस लवकर सुटते. वस्तूले वेळ लागते."

वैनींनी एक शेंग तडकन मोडली. ही बाई शेंग मोडते त्यावरून मला कळतं पुढचा प्रश्न सोपा आहे की अवघड.

आता ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी. 2024 चा आषाढ. धानाचा रोवणा ऐन भरात, मामा, म्हणजे माजी मालगुजारी, तलावाचं पाणी एका बांधीतून दुसऱ्या बांधीत सोडायचं. थोरल्याची बांधी वर, धाकट्याची खाली. धाकट्याचे पऱ्हे पिवळे पडायला लागले, रोवायला बाया ठरवलेल्या, आणि पाणी काही खाली येईना. त्यानं भल्या पहाटे धुरा, म्हणजे मधला बांध, फोडला. थोरला फावडं घेऊन धुरा बांधायला गेला. धाकट्यानं तेच फावडं हिसकलं, आणि त्याचा दांडा थोरल्याच्या भुवईवर बसला. तीन टाके. म्हणजे ज्याचं डोकं फुटलं त्याचंच फावडं, आणि गुन्ह्यातलं हत्यार म्हणून जप्तही तेच.

बरं, मुहूर्त काय निवडला दोघांनी! 1 जुलैला नवे फौजदारी कायदे लागू झाले आणि यांची मारामारी पहिल्याच पंधरवड्यात. ठाण्यात भिंतीवर जुन्या कलमांसमोर नवी कलमं असा तक्ता लावलेला. हवालदार बोट फिरवत फिरवत शोधत होता. जुनं 324, ते झालं आता भारतीय न्याय संहितेचं 118, पोटकलम 1. घातक साधनानं दुखापत, तीन वर्षांपर्यंत शिक्षा. थोरल्याची फिर्याद झाली तशी धाकट्याचीही झाली, की वहिनीनं आणि पुतण्यांनी घेरून मारलं म्हणून. त्यात बेकायदा जमावाचं कलम. गावात याला काउंटर म्हणतात. एकानं काउंटर टाकली नाही तर वकीलच विचारतो, काउंटर कशी नाही?

आणि फिर्यादीत नावं टाकताना आपल्याकडं जसं होतं तसंच झालं. लग्नाच्या पत्रिकेत जेवढी नावं असतात तेवढी. धाकट्यानं थोरल्याच्या मोठ्या पोराचंही नाव टाकलं. तो पोरगा त्या पहाटे भंडाऱ्याच्या मैदानावर पोलीस भरतीसाठी पळत होता. 1600 मीटर. मारामारी झाली तेव्हा त्याच्या हातात स्टॉपवॉच होतं.

"आन् तुमी पंच," वैनी म्हणाल्या.

हो, मी पंच. घटनास्थळ पंचनाम्यावर आणि फावड्याच्या जप्तीवर माझी सही आहे. फावड्याच्या दांड्याला कागदाची चिठ्ठी बांधली, दोऱ्यावर लाख लावली, चिठ्ठीवर माझी सही. दांडा बाभळीचा, हाताच्या जागी घासून गुळगुळीत झालेला. लाख गरम असताना तिचा एक थेंब माझ्या अंगठ्यावर पडला, त्याचा डाग पंधरा दिवस होता. तेव्हाच वाटलं, हे फावडं मला कधीतरी कोर्टाच्या पिंजऱ्यात दाखवतील आणि विचारतील, "हेच का ते?"

खरं सांगायचं तर या सगळ्या प्रकरणात मला याच गोष्टीचा घोर होता. एकतीस वर्षांत कोर्टाच्या बाकावर बसून पाहिलेलं आहे. गावातली मारामारी, दोन वर्षांनी तारीख लागते, तोवर दोघांची सोयरीक झालेली असते नाहीतर बैल एकमेकांकडं गेलेला असतो. मग फिर्यादी पिंजऱ्यात उभा राहतो आणि म्हणतो, "साहेब, पाय घसरून पडलो, दगड लागला." जखमीची बायको म्हणते, मी आतमधी होती. पंच म्हणतो, कोऱ्या कागदावर सही घेतली. सरकारी वकील म्हणतो, साक्षीदार फितूर घोषित करावा. सगळ्यांना ठाऊक असतं काय चाललंय. न्यायाधीशांना ठाऊक, स्टेनोला ठाऊक, मला तर समन्स बजावतानाच ठाऊक. घरी मिटलेलं असतं आणि कोर्टात शपथ घेऊन खोटं बोलून ते पुन्हा मिटवावं लागतं. माझ्यावर ती पाळी येऊ नये म्हणून मी देवाला नाही, वकिलाला नवस बोललो होतो.

"पन मले एक सांगा जी," वैनी सूप खाली ठेवून म्हणाल्या. म्हणजे अवघड प्रश्न. "दोघंबी म्हनत होते आमचं मिटलं, तं थोरल्यानं ठान्यात जाऊन केस वापस काहून नाई घेतली? त्याचीच तं केस होती."

इथंच सगळं गाव चुकतं, आणि मी सुद्धा नोकरीला लागलो तेव्हा चुकायचो. फौजदारी केस फिर्यादीची नसतेच. कागदावर वर लिहिलेलं असतं, महाराष्ट्र शासन विरुद्ध अमका. शासन म्हणतं, डोकं तुझं फुटलं असेल, पण शांतता माझी मोडली. थोरला त्यात नुसता साक्षीदार. साक्षीदारानं केस कशी मागं घ्यायची?

"म्हनजे टाके त्याले, अन् दुखलं सरकारले?"

"तसंच समजा."

आता काही गुन्हे असे आहेत की कायदाच म्हणतो, जा बाबांनो, आपसात मिटवा. साधी मारहाण, शिवीगाळ, अडवणूक, धमकी. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या 320 मध्ये त्याची यादी होती, आता नागरिक सुरक्षा संहितेच्या 359 मध्ये आहे. यादीत असलं की तडजोड झाल्याबरोबर आरोपी निर्दोष सुटल्यासारखा. काहींना कोर्टाची परवानगी लागते. चेक बाउन्सचंही तसंच, इथल्या इथं मिटतं. पण 324 यादीत नाही. पूर्वी होतं, 2005 च्या दुरुस्तीनं काढलं. गंमत म्हणजे हाड मोडलं, म्हणजे गंभीर दुखापत, ती परवानगीनं मिटवता येते. आणि हत्यारानं तीन टाके पडले ते मिटवता येत नाही. धाकट्यानं फावडं टाकून भावाचा हात मोडला असता तर खर्च कमी आला असता. हे मी एका वकिलाला म्हटलं, तो हसला नाही.

तंटामुक्ती समितीनं प्रयत्न केलाच होता. महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम आर. आर. आबांनी गृहमंत्री असताना सुरू केली, 15 ऑगस्ट 2007 ला. तेव्हा गावागावात काय चढाओढ! बक्षिसाच्या लाखांसाठी लोकांनी वीस-वीस वर्षांचे धुऱ्याचे तंटे काढून मिटवले. आता फलक पुसट झाला, समिती आहे. अध्यक्षांनी दोघांना बसवलं, चहा पाजला, हात मिळवून दिले, रजिस्टरमध्ये नोंद केली. दोघांना वाटलं झालं. तारखेला गेले तर पुकारा झालाच. समितीला भांडण मिटवता येतं, 118 मिटवता येत नाही.

मग लोकअदालत. तिथं माझे जुने ओळखीचे लोक. फाईल पाहिली आणि म्हणाले, हे आमच्यात बसत नाही. लोकअदालत चांगली गोष्ट, कोर्ट फी नाही, अपील नाही, पण मिटवता येण्याजोगेच गुन्हे तिथं चालतात. 1987 चा कायदाच तसा आहे.

राहिलं नागपूर.

"हायकोर्टाले तरी कसं जमते मंग? कायदा तं तोच."

वैनी, पाचवी शिकलेल्या. पण हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी सोडवायला घेतला होता. 2012 चा सप्टेंबर, ग्यानसिंग विरुद्ध पंजाब राज्य. त्याआधी एक बेंच म्हणायचं जमतं, दुसरं म्हणायचं यादीत नाही तर कसं जमतं. ग्यानसिंगमध्ये ठरलं की तडजोडीची यादी वेगळी आणि उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार वेगळा. पूर्वी तो 482 कलमात होता, आता 528 मध्ये. न्यायासाठी आणि कायद्याचा गैरवापर थांबवण्यासाठी. दोन्ही बाजू खरंच मिटल्या, शिक्षा होण्याची शक्यता अगदी अंधुक, आणि केस चालवणं म्हणजे दोघांचा नुसता छळ, अशी स्थिती असली तर उच्च न्यायालय गुन्हाच रद्द करू शकतं. घरगुती, पैशाच्या, भागीदारीच्या, जमिनीच्या भांडणांना हे लागू. खून, बलात्कार, दरोडा, सरकारी माणसाचा भ्रष्टाचार यांना नाही, कारण तिथं जखम एका माणसाची नसते.

वाचताना मला माझा फितूर साक्षीदार आठवला. "शिक्षा होण्याची शक्यता अंधुक" म्हणजे काय, हे त्या बाकावर बसल्याशिवाय कळत नाही.

वैनींचं समाधान झालं नाही. "म्हनजे पैसेवाल्याचं सारंच मिटन. गरिबाच्या पोरीच्या बापाले पाच लाख द्या, संपलं."

हा टोला बरोबर होता. दोन वर्षांनी, 2014 मध्ये, नरिंदर सिंग नावाच्या केसमध्ये कोर्टानं जरा दोर आवळले. नुसतं कलम बघायचं नाही. पोलिसांनी 307, म्हणजे खुनाचा प्रयत्न, लावलं म्हणून तडजोड नाहीच असं नाही, आणि साधं कलम लावलं म्हणून तडजोड आहेच असंही नाही. मार शरीरावर कुठं, हत्यार कोणतं, डॉक्टरचा दाखला काय म्हणतो ते बघायचं. आणि तडजोड कधी झाली? घटना ताजी असताना झाली तर बरं. साक्षीपुरावे संपत आल्यावर, शिक्षा झाल्यावर आले तर कोर्ट हात आखडतं. मारणारा नेहमीचाच गुंड आहे का, हेही बघतात.

आणि मग राजस्थानातला तो मास्तर. हे मी वैनींना मागच्या वर्षीच सांगितलं होतं, पण त्यांना पुन्हा ऐकायला आवडतं. शाळेतल्या मुलीशी मास्तरनं वाईट चाळे केले. पॉक्सोचा गुन्हा. नंतर मुलीच्या बापानं स्टॅम्पपेपरवर लिहून दिलं की गैरसमज झाला होता. तिथल्या हायकोर्टानं गुन्हा रद्द केला. आता पाहा, मुलीचा बाप गप्प, मास्तर खूश, शासन गप्प. मग सर्वोच्च न्यायालयात कोण गेलं? गावातले दोघेजण. मुलीचे ना नात्याचे ना गोत्याचे. 7 नोव्हेंबर 2024 ला न्यायालयानं तो आदेश उडवला आणि केस पुन्हा उभी केली. बाप मिटवेल, पण लेकराच्या अंगाला हात लावणं ही बापाची खासगी गोष्ट नाही.

"पाहा!" वैनी एकदम खुलल्या. "अन् लोक म्हन्ते शेजाऱ्यायनं दुसऱ्याच्या घरात नाक खुपसू नये."

वैनींना हा निकाल म्हणजे स्वतःचा सन्मान झाल्यासारखं वाटतं.

एवढं ऐकल्यावर त्यांना जळगाव जिल्ह्यातली केस सांगावी की नाही, असा मला प्रश्न पडला. सांगितली. तिथं बलात्काराचा गुन्हा, पण बाई म्हणाली माझं लग्न झालं, संसार सुरू आहे, मला केस चालवायची नाही. औरंगाबाद खंडपीठानं नकार दिला, सर्वोच्च न्यायालयानं जुलै 2025 मध्ये गुन्हा रद्द केला, पण हा अपवाद समजा असं बजावून. वैनी बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मलाही ते पूर्ण पचलेलं नाही. बाईचं म्हणणं ऐकायलाच पाहिजे, हेही खरं. आणि बाईच्या तोंडून दुसरं कुणी बोलत नाही ना, हे ओळखणार कोण, हेही खरं.

वैनी गप्प का, ते मला ठाऊक होतं. त्यांची भाची.

भाचीनं सासरच्यांवर छळाचं 498-अ केलं होतं. आता ते 85 कलम. नवरा, सासू, सासरा, दीर, आणि लग्न होऊन नागपूरला गेलेली नणंद. नणंदेचं नाव वकिलानं घालायला लावलं, असं भाची म्हणते. वकील म्हणतो भाचीनं. दोन वर्षांनी ठरलं, संमतीनं घटस्फोट, एकरकमी पैसे, आणि केस रद्द. हे कलम आपल्याकडं तडजोडीच्या यादीत नाही. आंध्रानं 2003 मध्येच यादीत घातलं. मुंबई हायकोर्टानं 2022 साली केंद्राला सुचवलं की इतकी जोडपी दर वेळी आमच्या दारात येतात, हे यादीत घाला ना. अजून नागपूरच गाठावं लागतं. आणि नागपूर खंडपीठ असे गुन्हे रद्द करतं. जुलै 2025 मध्ये तिथल्या दोन न्यायमूर्तींनी असाच एक गुन्हा रद्द करताना नवऱ्याच्या सगळ्या गोतावळ्याला ओढण्याच्या सवयीवर बोलूनही घेतलं.

"पन पयले पैसे का पयले सही?" वैनींचा हाच सवाल तेव्हाही होता. सासरचे म्हणत होते, आधी शपथपत्र दे, मग पैसे. मी वैनींना सांगितलं होतं, भाचीला सांगा, शेवटचा हप्ता डिमांड ड्राफ्टनं, आदेशाच्या दिवशी, वकिलाच्या हातात. अर्धे घटस्फोटाच्या अर्जाच्या वेळी, बाकीचे गुन्हा रद्द होताना. कोणताही शहाणा वकील असंच लिहितो. भाचीनं ऐकलं. तिच्या मैत्रिणीनं ऐकलं नव्हतं. तिला कोर्टानं विचारलं, पैसे मिळाले का, तिनं नवऱ्याकडं पाहून मान हलवली. तिचे पैसे आजपर्यंत आले नाहीत.

आता थोरल्या-धाकट्याचं नागपूर. हे वैनींनी मला सांगितलं, जरी मी स्वतः तिथं होतो.

"एकाच गाडीत गेले म्हने सारे!"

गेले. मार्गशीर्षातली गोष्ट. दोन अर्ज, थोरल्याच्या गुन्ह्यात धाकटा अर्जदार, धाकट्याच्या गुन्ह्यात थोरला अर्जदार. सात आरोपी, दोन फिर्यादी, तेच लोक उलटेसुलटे. दोन गाड्या कशाला, म्हणून एकच केली. पवनीवरून भिवापूर, उमरेड, नागपूर. पुढच्या सीटवर कोण बसणार यावर गावात पैज होती. थोरला बसला, भुवईवरचा व्रण घेऊन. भिवापूरला गाडी थांबली, मिरचीभजी आणि चहा. पैसे देण्यावरून दोघं भाऊ इतके ओरडले की हॉटेलवाला काउंटरमागून बाहेर आला. शेवटी बिल पुतण्यानं दिलं, ज्याचं नाव काकानं फिर्यादीत घातलं होतं.

सिव्हिल लाइन्समधलं हायकोर्ट, दगडी, घुमटाचं, 1940 सालचं. आत गेलं की आवाज आपोआप खाली येतो. धाकट्याची बायको म्हणाली, "देवळासारखं वाटते." आमच्या तालुक्याच्या कोर्टात कुणाला देवळासारखं वाटलं नाही कधी.

"अन् मंग त्या साहेबानं इचारलं म्हने, तुमच्यावर कोनाचा दबाव आहे का? अन् थोरला म्हने, आहे ना साहेब! धान खळ्यात पडून आहे, चुरना बाकी आहे, लवकर सोडा!"

वैनींनी हे हातवारे करून सांगितलं, सूप कलंडता कलंडता राहिलं. गावात आता हेच चालतं. मी तिथं दाराजवळ उभा होतो. खंडपीठानं रजिस्ट्रारांना सांगितलं होतं, दोघांना भेटा, तडजोड मनापासून आहे का बघा. रजिस्ट्रारांनी आधार कार्ड बघितलं, शपथपत्रावरची सही दाखवून विचारलं, तुमचीच का? मग विचारलं, दबाव? धमकी? पैसे? थोरला म्हणाला, "नाही जी." तेवढंच. आवाज फुटत नव्हता. धाकटा पाठीमागं भिंतीला टेकून फरशीकडं बघत होता. पण वैनींचा थोरला जास्त चांगला आहे, म्हणून मी दुरुस्ती केली नाही.

सरकारी वकिलांनी दाखला वाचला, जखम साधी, तीन टाके, पूर्वीचा गुन्हा कुणावर नाही. कोर्टानं दोन्ही गुन्हे रद्द केले, दोघांना पाच-पाच हजार एका सामाजिक कामासाठी भरायला सांगितले.

"पाच हजार कायचे?"

मग मी दिल्लीची गोष्ट सांगितली, आणि ती वैनींना फावड्याइतकीच आवडली. तिथं दोन शेजारी पाळलेल्या जनावरांवरून भांडले. दोघांच्या एकमेकांवर केसेस. 2025 च्या सप्टेंबरात हायकोर्टात मिटलं. न्यायमूर्तींना कळलं की एकाचं पिझ्झ्याचं दुकान आहे. आदेश दिला, दोघांनी मिळून एका आश्रमातल्या लेकरांना आणि तिथल्या लोकांना शाकाहारी पिझ्झा आणि ताक द्यायचं.

"पिझ्झ्यासंग ताक?" वैनींचा आक्षेप कायद्यावर नव्हता. "आपल्यायले सांगतलं असतं तं मी पोपटाची भाजी अन् भाकर केली असती आश्रमात."

खरं म्हणजे थोरल्यानं नागपूर गाठलं ते भावाच्या प्रेमानं नाही, पोराच्या भरतीनं. भरतीत पोरगा मैदानात पास झाला, गोळा फेकला, शंभर मीटर पळाला, आणि पुढं चारित्र्य पडताळणीत ठाण्याचा रिपोर्ट येणार होता. काकानं नुसतं नाव घातलं होतं, पोरगा तिथं नव्हताच, पण केस चालू असेपर्यंत ते सिद्ध कोण करणार? धाकट्यालाही लाज वाटली असावी. तोच आधी वकिलाकडं गेला म्हणतात. वैनींच्या मते धाकट्याची बायको आधी गेली, थोरलीकडं, मागच्या दारानं, हळदीकुंकवाचं निमित्त करून. मला ते जास्त पटतं. दोन्ही जावा वर्षभर बोलतच होत्या, फक्त नवऱ्यांना माहीत नव्हतं.

पोराला मी एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगितली. गुन्हा रद्द झाला म्हणजे झालाच नव्हता असं नाही. फॉर्ममध्ये विचारलं, कधी गुन्हा नोंद झाला होता का, तर हो लिही, आणि आदेशाची प्रत जोड. 2016 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं अवतार सिंग प्रकरणात हेच सांगितलं, माहिती खरी द्यायची. लपवलेलं उघडं पडलं की नोकरी जाऊ शकते. पोरानं मान हलवली. त्याच्या आईनं मात्र विचारलं, "नाई लिहिलं तं कोनाले कयते?" मी म्हटलं, कुंपणापलीकडं वैनी बसल्या आहेत, तुला वाटतं का कुणाला कळणार नाही?

"अन् धुरा?" वैनींनी शेवटची शेंग सोलली.

धुरा तिथंच. हायकोर्टानं फावड्याच्या दांड्याचा निकाल लावला, धुऱ्याचा नाही. तो दिवाणी, मोजणीचा. भूमी अभिलेखात पैसे भरले आहेत, तारीख लागेल तेव्हा मोजणीवाले येतील. तोवर पाणी कोण कधी सोडणार ते दोघांनी एका कागदावर लिहून ठेवलंय. कागद थोरलीकडं आहे. म्हणजे दोन्ही जावांकडं.

फावड्याचा अर्ज मी लिहून दिला काल. थोरल्याला म्हटलं, मालकी सांग, आणि आदेशाची प्रत जोड. तो म्हणाला, "जाऊ द्या ना जी, नवं घेतो, तीनशेत येते." मी म्हटलं नाही. माझी सही आहे त्या चिठ्ठीवर, मला ती सुटलेली पाहायची आहे. आज दुपारी दोघं भाऊ मोटारसायकलवर ठाण्याकडं जाताना दिसले. संध्याकाळपर्यंत काही कळलं नाही. मग आम्ही पुन्हा कुंपणाशी.

"आले, आले," वैनी एकदम कुंपणाला टेकून उभ्या राहिल्या. "पाहा भाऊजी, धाकटा चालवते, थोरला मांगं बसला."

"फावडं?"

वैनींनी डोळे बारीक केले. बेशरमाच्या पानांतून मला काही दिसत नव्हतं.

"खांद्यावर आहे जी. अन् चिठ्ठी अजून लटकूनच आहे."